स्मृतीच्या शेजारी दया

आजचे वाचन : श्रीदुर्गासप्तशती, अध्याय १, ५, ११ आणि १३
आश्विन शुद्ध सप्तमी, सातवी माळ



आज सातवी माळ. घटातलं धान आता चांगलं वर आलंय. शिवारात सोयाबीनची सोंगणी जोरात आहे, त्यामुळे निवांत बसून पोथी वाचायला आपल्या वाशीमकडे सध्या कोणालाच वेळ नाही, हे मला ठाऊक आहे. तरी पाच-दहा मिनिटं काढा. आजचा विषय थोडा जड आहे, पण घराघरातला आहे.

नवदुर्गांमध्ये आजच्या दिवसाचं नाव कालरात्री. नाव ऐकूनच माणूस दचकतो, कारण मराठीत काळ म्हणजे वेळ आणि काळ म्हणजे मृत्यूसुद्धा. सप्तशतीत हे नाव पहिल्याच अध्यायात येतं. विष्णू योगनिद्रेत आहेत, मधु आणि कैटभ ब्रह्मदेवाला मारायला उठलेत, आणि ब्रह्मदेव त्या निद्रेचीच स्तुती करतात. त्या स्तुतीत ते तिला कालरात्री, महारात्री, मोहरात्री म्हणतात. तिथेच तिला महास्मृती म्हणतात, आणि लगोलग महामोहाही म्हणतात. म्हणजे आठवण तीच आणि भूलही तीच. झोपवणारी तीच, आणि ती बाजूला झाली की विष्णू जागे होतात, म्हणून जागं करणारीही तीच.

हे वाचताना मनात एक प्रश्न येतो. आठवण जर देवीचं रूप आहे, तर ज्याच्यावर अन्याय झाला त्याने ती आठवण धरून ठेवावी की सोडून द्यावी? आपल्याकडे सर्रास सांगतात, "जाऊ द्या, विसरून जा." हे सांगणं खरंच धर्माला धरून आहे का?

एका ताईंचा प्रश्न

दुसऱ्या माळेच्या दिवशी आरतीनंतर एक ताई थांबल्या. पन्नाशीच्या असतील. म्हणाल्या, "दादा, माह्या मायले आता मी ओयखू येत नाही. तिची चाकरी मीच करतो. भाऊ दोघं आहेत, पण ते पाहत नाहीत. बाबा गेले तवा त्यायनं माही सही घेतली, सातबाऱ्यावरून नाव गेलं. तवा माय म्हणे, बाई, भावाशी वाकडं नको घेऊ. आता माय सारं विसरली, ते सुखी आहे. मले सारं आठवते, मी जळतो. मंग पोथीत स्मृतीले देवी काहून म्हटलं?"

वऱ्हाडातल्या बाईच्या तोंडून आलेला हा प्रश्न एखाद्या पंडिताच्या शंकेपेक्षा कमी नाही. त्या वेळी मी एवढंच म्हणालो की ताई, पोथी पुन्हा वाचतो आणि सांगतो. पाच दिवस वाचतोय. जे हाती लागलं ते आज मांडतो.

सप्तशती सुरू कुठून होते?

आपण सप्तशती म्हटलं की महिषासुर, शुंभ-निशुंभ, रक्तबीज आठवतो. पण मार्कंडेय पुराणातल्या या १३ अध्यायांची सुरुवात युद्धाने होत नाही. ती होते घरातून काढलेल्या दोन माणसांपासून.

पहिला राजा सुरथ. लढाईत हरला. राजधानीत परत आला तर त्याच्याच मंत्र्यांनी खजिना आणि सैन्य बळकावलं. शिकारीचं निमित्त करून तो एकटाच घोड्यावर बसून रानात निघून गेला, आणि मेधा ऋषींच्या आश्रमात पोचला. तिथे त्याला काय आठवतं पाहा. माझी नगरी कशी चालली असेल? माझ्या त्या मोठ्या हत्तीला वेळेवर चारा मिळत असेल का? जे माझ्या ताटात जेवायचे ते आता दुसऱ्याच्या मागे फिरत असतील. मी कष्टाने जमवलेलं ते उधळत असतील.

दुसरा समाधी नावाचा वैश्य. सधन घरातला. बायको आणि मुलांनीच पैशासाठी त्याला घराबाहेर काढलं. तो काय म्हणतो? माझी मुलं बरी असतील ना? नीट वागत असतील ना? राजा त्याला विचारतो, ज्यांनी तुला हाकललं त्यांच्यावर तुझी माया कशी? तो म्हणतो, मला कळतं हो, पण मन कठोर होत नाही, काय करू?

इथे दोन प्रकारची आठवण शेजारीशेजारी बसली आहे. एकाला गेलेली वस्तू आठवते, दुसऱ्याला गेलेली माणसं आठवतात. ताई, तुमच्यात ही दोन्ही आहेत. वावरही आठवतं आणि भाऊही आठवतात. म्हणून तुमचं जळणं दुप्पट.

आता सगळ्यात महत्त्वाची गोष्ट. दोघं मिळून ऋषींकडे जातात आणि आपलं दुःख सांगतात. ऋषी त्यांना "विसरून जा" असं म्हणत नाहीत. पहिला अध्याय दोनदा वाचा, तो सल्ला तिथे नाही. "तुमचीच काहीतरी चूक असेल" असंही ते म्हणत नाहीत. ते पाखरांचं उदाहरण देतात. स्वतःला भूक लागलेली असताना पाखरू पिलाच्या चोचीत दाणा घालतं. ऋषी म्हणतात, ही ओढ महामायेची आहे, ती जाणत्या माणसाचं मनही ओढून नेते. म्हणजे तुला आठवतं यात तू वेडा नाहीस आणि पापीही नाहीस. त्या आठवणीतही तीच आहे.

दुखावलेल्या माणसाला पहिल्यांदा हेच ऐकायचं असतं.

विसर म्हणणारा कोण आहे?

"विसरून जा" हा सल्ला बहुतेक वेळा ज्याचं काही गेलेलं नाही तोच देतो. कधी कधी तर ज्याने घेतलंय तोच देतो. भावकीतल्या बैठका आठवा. धुऱ्यावरून वाद झाला, एकाने दोन तास आत नांगर घातला, आणि बैठकीत शहाणपण कोणाला शिकवतात? ज्याचा धुरा गेला त्याला. "तुम्ही मोठे आहात, तुम्हीच समजून घ्या."

बहिणींच्या बाबतीत तर हे फारच झालंय. १९९४ साली महाराष्ट्राने कायदा बदलून मुलीला वडिलोपार्जित मालमत्तेत हक्क दिला, पण त्याआधी लग्न झालेल्या मुली त्यातून बाहेर राहिल्या. २००५ साली केंद्राने हिंदू वारसा कायद्यात दुरुस्ती केली, आणि लग्न झालेली असो वा नसो, मुलगी मुलासारखीच वाटेकरी झाली. कायदा झाला, तरी हक्कसोडीच्या कागदावर सह्या होतच राहिल्या. काही बहिणी मनापासून सोडतात, त्यांना माझा नमस्कार. पण पुष्कळ जणी माहेर तुटू नये म्हणून सही करतात. दिवाळीला साडी आणि वर्षातून दोन दिवस माहेर, एवढ्यासाठी. त्यांना नंतर "विसर" म्हणणं म्हणजे दुसऱ्यांदा सही मागणं आहे.

आपल्याच जिल्ह्यातलं मोठं उदाहरण घ्या. मानोरा तालुक्यातलं पोहरादेवी. बंजारा समाजाची काशी. तिथे जगदंबा आहे आणि संत सेवालाल महाराजांची समाधी आहे. रामनवमीला देशभरातून तांडेच्या तांडे येतात. हा समाज एके काळी बैलांच्या पाठीवर मीठ आणि धान्य लादून मुलूखच्या मुलूख पालथे घालायचा. त्या व्यापाराला लदेणी म्हणत. रेल्वे आली, मिठावर सरकारचा ताबा आला, लदेणी बसली. त्यात इंग्रजांनी १८७१ साली गुन्हेगार जमातींचा कायदा केला. त्या कायद्याखाली पुढे ठिकठिकाणी कितीतरी फिरस्त्या जमातींवर जन्मापासूनच गुन्हेगार असा शिक्का बसला. मूल पाळण्यात आहे आणि सरकारी वहीत ते चोर. तो कायदा रद्द झाला १९५२ साली. महाराष्ट्रात बंजारा समाज आजही विमुक्त जातींच्या यादीत आहे. विमुक्त या शब्दातच ती आठवण आहे.

आता या लोकांना कोणी म्हणालं की झालं गेलं विसरा, तर ते बरोबर होईल का? आणि ते विसरले आहेत का? नाही. ५ ऑक्टोबर २०२४ ला, नवरात्रातच, पोहरादेवीला बंजारा समाजाच्या वारशाचं संग्रहालय सुरू झालं. पण त्याच्या कितीतरी आधीपासून ही आठवण लेंगीच्या गाण्यांत आणि घराघरातल्या पूर्वजांच्या नावांत जपलेली आहे. दिवाळीला पूर्वजांच्या नावाने विस्तवावर घास द्यायची त्यांच्यात रीत आहे. त्याच दिवाळीत तांड्यातल्या पोरी हातात दिवा घेऊन घरोघर मेरा करत फिरतात.

हे मला फार मोलाचं वाटतं. अन्यायाची आठवण आहे, आणि तिच्या हातात दिवा आहे.

यादीतला क्रम

आता पाचव्या अध्यायाकडे येऊ. शुंभ-निशुंभांनी देवांचं सगळं काढून घेतलं. देव हिमालयावर गेले आणि देवीला पुन्हा पुन्हा नमस्कार करत तिची रूपं मोजू लागले. नवरात्रात हे आपण सगळेच म्हणतो, पाठ असतं, त्यामुळे अर्थाकडे लक्ष जात नाही. चेतना, बुद्धी, निद्रा, भूक, छाया, शक्ती, तृष्णा, मग क्षमा, लज्जा, शांती, श्रद्धा, असं करत करत स्मृती येते.

स्मृतीनंतर काय येतं? दया. दयेनंतर तुष्टी, म्हणजे समाधान. तुष्टीनंतर माता. आणि मातेनंतर भ्रांती, म्हणजे भूल.

हा क्रम काही अर्थ मनात धरून लावलाय असा माझा दावा नाही. पण रोज वाचणाऱ्याला शेजार दिसतोच. वाड्यात कोणाच्या शेजारी कोण राहतं यावर बरंच ठरतं. स्मृतीच्या एका बाजूला दयेचं घर आहे. माझ्या मते प्रश्न "आठवावं की विसरावं" हा नाहीच. आठवण रोज कोणाच्या घरी जाऊन बसते, हा आहे. तृष्णेच्या घरी जाऊन बसली तर ती सुरथाच्या पहिल्या दिवसांसारखी होते, माझा हत्ती, माझा खजिना. दयेच्या घरी गेली तर तीच आठवण दुसऱ्या कोणाच्या उपयोगी पडते.

उपयोगी पडते म्हणजे काय? ज्या बाईला सासरी उपाशी ठेवलं, ती सासू झाल्यावर दोन गोष्टी करू शकते. "आम्ही नाही का सोसलं" म्हणून सुनेलाही तसंच वागवते, किंवा सून आली की पहिल्यांदा तिचं ताट वाढते. दोघींना सारखंच आठवतं. एकीचीही स्मृती कमी नाही. फरक शेजाराचा आहे.

ताई, तुमच्या डोळ्यांदेखत घडलेलं तुम्ही विसरू नका. पण स्वतःला विचारा, ही आठवण मी कशासाठी वापरते? तुमच्या भाचीच्या लग्नाची बोलणी निघतील तेव्हा, "पोरीची सही घ्यायच्या आधी तिला कागद वाचून दाखवा" असं सांगणारी त्या घरात एकच बाई असेल. ती तुम्ही. हे विसरलेल्या माणसाला जमणार नाही.

जमिनीने काय लक्षात ठेवलं

आपलं वाशीम म्हणजे जुनं वत्सगुल्म. वाकाटकांच्या एका शाखेची राजधानी. १९३९ साली इथे ताम्रपट मिळाला, राजा विंध्यशक्ती दुसरा याच्या ३७व्या राज्यवर्षातला. चौथ्या शतकातला, म्हणजे सुमारे सोळाशे वर्षांपूर्वीचा. मध्ये कितीतरी पिढ्या इथे पेरत होत्या, मळत होत्या, आणि या राजाचं नावही कोणाला ठाऊक नव्हतं.

आता त्या पत्र्यांवर काय कोरलंय? कोणाला कसं हरवलं, किती खजिना होता, यासाठी ते कोरलेले नाहीत. ते दानपत्र आहे. एक गाव दिल्याची नोंद. राजाने आयुष्यात घेतलंही पुष्कळ असेल, पण तांब्यावर उरलं ते दिलेलं. सुरथाची कथा वाचताना मला हा पत्रा नेहमी आठवतो. खजिन्याची काळजी करत तो रानात बसला होता. काळ मात्र खजिना ठेवत नाही, दिलेलं मात्र कधी कधी ठेवतो.

भाऊ असाल तर हे वाक्य तुमच्यासाठी आहे, बरं का. बहिणीने विसरावं की नाही ते ती पाहील. तुमच्या नावावर तांब्यात काय कोरलं जावं, ते तुम्ही पाहा.

काळ कसा काम करतो

अकराव्या अध्यायात देव पुन्हा स्तुती करतात, आणि तिथे तिला कला, काष्ठा या रूपाने बदल घडवणारी म्हणतात. ही जुन्या कालगणनेतली अगदी लहान मापं. मनुस्मृतीच्या हिशेबाने १८ निमिषं म्हणजे एक काष्ठा, ३० काष्ठांची एक कला, ३० कलांचा एक मुहूर्त, आणि ३० मुहूर्तांचा दिवस-रात्र. आजच्या घड्याळात मुहूर्त ४८ मिनिटांचा, कला दीड मिनिटाहून थोडी जास्त, काष्ठा तीन सेकंदांच्या आसपास.

देवी युगांची मालकीण आहे हे सगळे सांगतात. इथे पोथी म्हणते, ती तीन सेकंदांच्या मापातही काम करते. दुःखाचा बदल असाच होतो. एका दिवशी सकाळी उठून कोणी क्षमा करत नाही. आज भावाचं नाव निघालं तर छातीत जेवढं धडधडलं, सहा महिन्यांनी तेवढंच धडधडेल असं नाही. घटातलं धान वाढताना कोणी पाहिलंय का? रात्री झोपताना एवढं, सकाळी तेवढं. घाई करून कोंब ओढला तर तुटतो. म्हणून कोणी तुम्हाला म्हणालं की अजून कसं काय मनात धरून बसलात, तर सांगा, माझं धान माझ्या वेळेने येईल.

सुरथ आणि समाधी यांनाही वेळ लागला. नदीकाठी मातीची मूर्ती करून त्यांनी तीन वर्षं उपासना केली. तीन वर्षं! आणि ती दोघांनी एकत्र केली. दुःख एकट्याने उगाळत बसले नाहीत.

दोन वर

तेराव्या अध्यायात देवी प्रसन्न होते आणि दोघांना विचारते, काय हवं? इथे मला ताईंच्या प्रश्नाचं सगळ्यात स्पष्ट उत्तर सापडलं.

सुरथ म्हणतो, माझं राज्य मला परत हवं, आणि पुढच्या जन्मी न ढळणारं राज्य हवं. देवी त्याला रागवत नाही. "इतकी उपासना केलीस आणि अजून राज्यच मागतोस?" असं म्हणत नाही. ती देते. थोड्याच दिवसांत शत्रूंना हरवून तुझं राज्य तुला मिळेल, आणि पुढे तू सावर्णी नावाचा मनू होशील, असं सांगते. सावर्णी हा आठवा मनू. म्हणजे ज्याचं राज्य लुटलं गेलं त्याच्यापासून एक नवं मन्वंतर सुरू व्हायचं आहे. यापेक्षा मोठं नूतनीकरण कोणतं?

समाधी म्हणतो, मला मी आणि माझं यातून सोडवणारं ज्ञान दे. तेही ती देते. पुढे तो घरी गेला का, मुलं भेटली का, पोथी काहीच सांगत नाही.

दोघांना दोन वेगळे वर, आणि देवीने दोघांना सारखाच मान दिला. म्हणून ताई, तुम्हाला तुमचा वाटा मागायचा असेल तर मागा. चांगला वकील पाहा, फेरफार काढा, जुने कागद तपासा. त्याने भक्ती बाटत नाही. हक्क मागणं म्हणजे वैर नाही. आणि तुम्हाला सोडायचंच असेल, तर समाधीसारखं सोडा, समजून, स्वतःच्या मनाने. भीतीने सही केली त्याला त्याग म्हणत नाहीत. पोथीला या दोन्ही वाटा मान्य आहेत. पोथीत जी तिसरी वाट नाही ती म्हणजे आयुष्यभर रानातच बसून राहणं आणि हत्तीला चारा मिळाला का याचा हिशेब करत राहणं.

आणि आई विसरली त्याचं काय?

ताईंच्या प्रश्नाचा अर्धा भाग राहिला, आणि तो जास्त दुखरा आहे. म्हातारपणी विसरण्याचा आजार झाला की घरचे म्हणतात, आता ती आपली राहिली नाही. स्मृती देवी आहे, मग स्मृती गेली म्हणजे देवी गेली का?

पुन्हा ती यादी पाहा. भ्रांतीलाही देवांनी तोच नमस्कार केलाय. स्मृतीला हात जोडले तसेच भुलीलाही जोडले, एक अक्षर कमी केलं नाही. आणि भ्रांतीच्या आधीचं नाव माता. तुमच्या आईच्या बाबतीत हे शब्दशः खरं झालंय. आता तिच्यात भ्रांती आहे, पण तिला लागून माता आहेच. तिला तुमचं नाव आठवत नाही, तरी तुम्ही भरवलेला घास ती गिळते. अनोळखी हाताला कदाचित ती तोंड फिरवेल. नाव गेलं, हात ओळखीचा राहिला.

आणि एक सांगतो, पटलं तर घ्या. आईची आठवण आता तुमच्याकडे ठेवायला आली आहे. ती लहानपणी कोणतं गाणं म्हणायची, वडील गेल्यावर तिने काय काय सोसलं, "भावाशी वाकडं नको" असं ती का म्हणाली, तिच्या स्वतःच्या माहेरी तिच्या वाट्याचं काय झालं होतं, हे आता तुमच्याशिवाय कोणाला माहीत आहे? ती सुखी आणि मी जळते असं म्हणण्यापेक्षा, तिचं ओझं तिने खाली ठेवलं आणि मी उचललं, असं म्हणून पाहा. ओझं तेवढंच राहील. पण ते कोणाचं आहे हे कळलं की चालणं थोडं सोपं होतं.

आजारासाठी डॉक्टरांना जरूर दाखवा. मी पोथीचं सांगतोय, औषधाच्या जागी नाही.

घट काय शिकवतो

शेवटी घटाकडे पाहू. वावरातली काळी माती आणली, धान पेरलं, माळ बांधली, दिवा लावला. तांड्यांत श्रावणात पोरी तीज करतात तेही असंच. दुरडीत माती घालून गहू पेरायचा, रोज पाणी घालायचं, गाणी म्हणायची, आणि शेवटी वाहत्या पाण्यात सोडायचं. गावात घट, तांड्यात तीज. देवी एकच.

दाणा पेरला की त्याचं फोल गळून मातीत मिसळतं. पण गव्हातून गहूच उगवतो, ज्वारीतून ज्वारी. आपण कोण आहोत हे दाणा विसरत नाही, टरफल मात्र धरून ठेवत नाही. मला वाटतं आपल्यालाही एवढंच करायचं आहे. काय घडलं, मी कोणाची लेक, माझा हक्क काय, मी काय सोसलं, हे दाण्यातलं. ते राहू द्यायचं. त्याच्याभोवतीचं कडू बोलणं, रात्री दोनला उठून मनातल्या मनात केलेली भांडणं, समोरच्याचं वाईट व्हावं ही वाट पाहणं, हे टरफल. ते मातीला द्यायचं. माती त्याचंही खत करते.

आजचा नेम

१. आज दिव्यासमोर बसून आपल्याला सलणारी एकच आठवण मनात आणा. ती ढकलू नका. तिला नमस्कार करा आणि विचारा, तू कोणाच्या उपयोगी पडशील?

२. ज्याच्यावर अन्याय झालाय अशा एका माणसाचं आज पूर्ण ऐकून घ्या. मध्ये "जाऊ द्या" म्हणू नका. मेधा ऋषी म्हणाले नाहीत, आपणही नको.

३. दसऱ्याला तीन दिवस आहेत. आपण कोणाचं काही दाबून ठेवलं असेल, तर आपट्याचं पान देण्याआधी त्याचा विचार करा. पान देऊन पाया पडणं सोपं आहे. ज्याचं त्याला देऊन मग पान दिलं, तर त्याला सोनं म्हणता येईल.

प्रार्थना

आई जगदंबे, तू आमच्या आठवणीत आहेस, आमच्या विसरण्यातही आहेस. जे आठवायला हवं ते आमच्याकडून पुसू नकोस. जे जाळतं ते तुझ्या मातीत घे. ज्यांचं गेलं त्यांना मागायचं बळ दे, ज्यांनी घेतलं त्यांना परत करायची बुद्धी दे. आणि ज्या घरात कोणी आपल्याच माणसाचं नाव विसरलं आहे, त्या घरात तू माता म्हणून थांब.

उद्या आठवी माळ. उद्याचं वाचन बारावा अध्याय. सोंगणीतून उसंत मिळाली तर संध्याकाळी वाचा.

जय जगदंबे. जय सेवालाल.